ऑटोफॅजी म्हणजे काय रे भाऊ?

‘सोळा तास उपाशी राहा, ऑटोफॅजी सुरू होते, बॉडी आतून क्लीन!’ जिमपासून रील्सपर्यंत हा डायलॉग तुम्ही ऐकला असेलच. शब्द भारी आहे, पण त्याचा अर्थ काय?

ग्रीकमध्ये ‘ऑटो’ म्हणजे स्वतः आणि ‘फॅजी’ म्हणजे खाणं. बेल्जियन शास्त्रज्ञ ख्रिस्तियान द ड्यूव यांनी १९६३ मध्ये हे नाव दिलं. पेशीत मोडकी प्रथिनं, निकामी झालेले भाग साठतात. पेशी त्यांच्याभोवती पडद्याची पिशवी तयार करते आणि ती लायसोसोमपर्यंत नेते. तिथली विकरं त्या भंगाराचे बारीक तुकडे करतात आणि पेशी ते पुन्हा वापरते. जपानच्या योशिनोरी ओसुमी यांनी उपाशी ठेवलेल्या यीस्टच्या पेशींत ही यंत्रणा उलगडली. त्यासाठी त्यांना २०१६ चं नोबेल मिळालं.

गल्लत इथेच होते. ऑटोफॅजी भरल्या पोटीही थोडीथोडी चालूच असते. उपासमारीत ती वाढते हे खरं, पण माणसात ती बरोब्बर सोळाव्या तासाला सुरू होते, असं काही घड्याळ नाही. शिवाय ‘जास्त तितकी चांगली’ असंही नाही. कॅन्सरच्या पेशीसुद्धा याच युक्तीने तग धरू शकतात.

तेव्हा उपास करायचा तर जरूर करा. पण डायबेटिसची औषधं चालू असतील, तर आधी डॉक्टरांना विचारा. नोबेलचं नाव ऐकून जेवण सोडू नका!