मंत्राने पितळेचे सोने होते का?

गुरुकुंज मोझरीला नादाची ताकद वेगळी सांगावी लागत नाही. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी 1935 मध्ये तिथे आश्रम उभारला आणि खंजिरीच्या तालावर वऱ्हाडातली गावेच्या गावे भजनाला बसवली. पण नादावरच्या श्रद्धेचा गैरफायदा घेणारेही असतात. गुप्तधन आणि पैशांचा पाऊस यांच्या नावाखाली गंडवण्याचे प्रकार विदर्भात वारंवार उघडकीस येतात. ‘गुप्त प्राचीन पोथीतल्या मंत्राच्या कंपनांनी धातूचे सोने होते’ हा दावा त्याच पठडीतला. तो मुळातून तपासू या.

गैरसमज : पोथी संस्कृतात आहे, म्हणजे ती प्राचीन आणि खरी.
वस्तुस्थिती : ‘वैमानिक शास्त्र’ हा ग्रंथ भरद्वाज ऋषींचा म्हणून सांगितला जातो. बंगळूरुच्या भारतीय विज्ञान संस्थेतील पाच संशोधकांनी त्याची भाषा, आकृत्या आणि उड्डाणाचे तंत्र तपासून 1974 मध्ये निष्कर्ष मांडला : ग्रंथ 1904 च्या आधीचा नाही आणि त्यातली विमाने उडू शकत नाहीत. पोथीचे वय लिपी, भाषा, कागद आणि शाई यांवरून ठरते. आणि पोथी खरोखर जुनी निघाली, तरी तिच्यातला दावा वेगळा तपासावाच लागतो.

गैरसमज : आपल्या रसशास्त्रात धातू आवाजाने बदलत असत.
वस्तुस्थिती : रसग्रंथांत मंत्र आणि पूजाविधी आहेत, सोने करण्याची आकांक्षाही आहे. पण प्रत्यक्ष काम चालते ते खल, मूस, भट्टी आणि वनस्पतींच्या रसांवर. ‘रसरत्नसमुच्चय’ या ग्रंथात जस्त काढण्याची कृती आहे : खनिज वांग्याच्या आकाराच्या मुशीत घालून तापवायचे, निघणारी वाफ थंड करून धातू गोळा करायचा. राजस्थानातल्या झावर इथे तशा मातीच्या मुशींचे ढीगच्या ढीग सापडले आहेत. ग्रंथातली कृती आणि जमिनीतला पुरावा इथे जुळतो. अभिमान बाळगायचा तर या विद्येचा बाळगावा.

गैरसमज : मंत्र म्हटला की वाळूत आकृती उमटते, म्हणजे मंत्र पदार्थ घडवतो.
वस्तुस्थिती : जर्मन शास्त्रज्ञ क्लाडनी याने 1787 मध्येच अशा आकृत्यांचे वर्णन छापले. पत्रा कंप पावतो तेव्हा त्याचा काही भाग जोरात हलतो, काही जवळजवळ स्थिर राहतो. वाळू हलत्या भागावरून उडून स्थिर रेषांवर साठते. पत्र्याचा आकार किंवा कंपनसंख्या बदलली की आकृती बदलते. शब्द कोणता होता, याच्याशी तिला देणेघेणे नाही. आणि वाळू शेवटपर्यंत वाळूच राहते.

गैरसमज : नेमकी कंपनसंख्या सापडली की अणूही बदलेल.
वस्तुस्थिती : पितळ म्हणजे तांबे आणि जस्त. तांब्याच्या अणुकेंद्रात 29 प्रोटॉन असतात, जस्ताच्या 30 आणि सोन्याच्या 79. सोने करायचे तर केंद्रातले प्रोटॉनच बदलायला हवेत. ध्वनी अणूंना पुढेमागे हलवतो. केंद्र फोडण्याइतकी ऊर्जा त्याच्यात नसते. सर्न या युरोपीय प्रयोगशाळेत शिशाची अणुकेंद्रे जवळजवळ प्रकाशाच्या वेगाने एकमेकांजवळून धाडली जातात, तेव्हा काहींचे सोने होते. 2025 मध्ये तिथल्या संशोधकांनी दिलेल्या हिशेबानुसार चार वर्षांत तयार झालेले सोने ग्रॅमच्या एक अब्जांशापेक्षाही कमी होते, आणि तेही क्षणभरच टिकले.

गैरसमज : मग आवाजाने पदार्थात काहीच होत नाही.
वस्तुस्थिती : पुष्कळ होते. सेकंदाला 20,000 पेक्षा जास्त कंपने असलेला ध्वनी आपल्याला ऐकू येत नाही. तो द्रवात जोराने सोडला की सूक्ष्म बुडबुडे तयार होऊन फुटतात आणि त्यांच्या पोटात क्षणभर सुमारे 5,000 अंश तापमान निर्माण होते. त्याने रासायनिक बंध तुटतात, पाण्याचे रेणूसुद्धा फुटतात. शरीराबाहेरून सोडलेल्या आघातलहरींनी मुतखडा फोडण्याचा उपचार 1980 मध्ये म्युनिकला पहिल्यांदा माणसावर झाला. आज तो आपल्याकडेही होतो. मात्र या साऱ्यात मूलद्रव्य तेच राहते.

गैरसमज : असे बोलणे म्हणजे भजन-प्रार्थनेला व्यर्थ ठरवणे.
वस्तुस्थिती : मुळीच नाही. 2001 मध्ये ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये आलेल्या एका अभ्यासात मंत्र किंवा जपमाळेची प्रार्थना लयीत म्हणताना लोकांचा श्वास मिनिटाला सुमारे सहापर्यंत संथ झालेला आढळला, हृदयाच्या लयीवरही चांगला परिणाम दिसला. गुरुकुंजाच्या सामुदायिक प्रार्थनेचा हेतू तर त्याहून मोठा आहे. ती रुजवणाऱ्या तुकडोजी महाराजांच्या ‘ग्रामगीते’त ग्रामशुद्धी, ग्रामआरोग्य, जीवनशिक्षण यांवर स्वतंत्र अध्याय आहेत आणि अंधश्रद्धेवर कडक टीकाही आहे.

उद्या कोणी पोथी घेऊन दारात आला, तर पैसे काढण्याआधी तीन गोष्टी विचारा : मूळ पोथी कुठे आहे, ती कोणत्या अभ्यासकाने पाहिली, आणि आम्ही दिलेल्या धातूवर, सराफाच्या देखत, प्रयोग करून दाखवाल का? चमत्काराच्या नावाने फसवून पैसे उकळणे हा महाराष्ट्राच्या 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यानुसार गुन्हा आहे. त्याला सहा महिने ते सात वर्षे कैद आणि दंड आहे. फसवले गेला असाल तर लाजून गप्प बसू नका. पोलीस ठाण्यात तक्रार द्या, म्हणजे शेजारचे घर तरी वाचेल.