परसातला फणस

आमच्या परसातला जुना कापा फणस आतून पोखरला आहे. त्याची आठळी रुजवताना मी दोनदा फसलो. प्रथम आठळ्या उन्हात वाळवल्या. वाळलेली आठळी रुजत नाही. पुढच्या वर्षी डब्यात रोप आले, पण हलवताना सोटमूळ तुटले.

म्हणून सांगतो, गरा खाल्ला की आठळी धुवावी आणि त्याच आठवड्यात, मृगाच्या पावसावर, कायमच्या जागीच लावावी. दोन फूट खड्ड्यात माती व शेणखत घालावे. घरापासून वीस-पंचवीस फूट अंतर ठेवावे. पाणी साचू देऊ नये. फळाला सात-आठ वर्षे लागतात. काप्याच्या आठळीतून बरकाही निपजतो. खात्री हवी असल्यास कलमच लावावे.

मी यंदा आठळीच लावली. आजी म्हणाली, "बरका तर बरका! सांदणे तरी होतील."