कुकरचं यान आणि एडिटरची कात्री

माझं मराठी कॉन्व्हेंटचं, तेव्हा शुद्धलेखन चुकलं तर सांभाळून घ्या!

गॅदरिंगसाठी आम्ही रूममेट्सनी एक सायन्स फिक्शन फिल्म केली. शूटिंग माझ्या घरी, भातसानगरला. धरणाच्या कॉलनीतला रात्रीचा सामसूम रस्ता म्हणजे परका ग्रह आणि आईचा कुकर म्हणजे यान! होस्टेलवर पहिल्यांदा दाखवली तर पोरी हसून लोळल्या. कारण कुकर चांगला दहा सेकंद पडद्यावर होता. दहा सेकंदांत कुणीही कुकर ओळखणारच ना! तेव्हापासून एडिटिंगबद्दल मिळेल ते वाचायला लागले.

आपल्याकडे टीव्हीवर सेकंदाला २५ फ्रेम्स जातात. म्हणजे २२ मिनिटांच्या एपिसोडच्या ३३,०००. कुठली फ्रेम ठेवायची आणि कुठली काढायची, हे दिग्दर्शकाबरोबर बसून एडिटर ठरवतो. कौटुंबिक मालिकेत निदान सगळं शूट झालेलं असतं. सायन्स फिक्शनमध्ये मात्र नट हिरव्या पडद्याकडे बघून दचकतो, राक्षस नंतर कॉम्प्युटरवर बनतो. त्याच्या जागी तात्पुरतं चित्र टाकून एडिटर प्रसंग बसवतो. एडिट पक्का झाला की लागतील तेवढेच शॉट्स इफेक्ट्सवाल्यांकडे जातात. तिथे एकेका फ्रेमला तास आणि पैसे लागतात, त्यामुळे उगाच लांबवलेला शॉट महागात पडतो.

पूर्वी तर कापणंच महाग होतं. बीबीसीची 'डॉक्टर हू' १९६३ साली सुरू झाली. तिची पहिली कथा दिग्दर्शित करणारे वारिस हुसेन जन्माने लखनौचे. तेव्हाची व्हिडिओ टेप दोन इंच रुंद, ती खरोखर ब्लेडने कापून जोडावी लागे. म्हणून एपिसोड शक्यतो न थांबता, नाटकासारखा रेकॉर्ड करत.

आपल्याकडे १९९८ साली दूरदर्शनवर 'कॅप्टन व्योम' आली. नायक मिलिंद सोमण, दिग्दर्शक केतन मेहता. मेहता पुण्याच्या एफटीआयआयमध्ये शिकलेले. 'परिंदा'साठी एडिटिंगचं राष्ट्रीय पारितोषिक मिळवणाऱ्या रेणू सलुजाही तिथल्याच. तिथल्या एडिटिंगच्या कोर्सला कुठल्याही शाखेची पदवी चालते, आपली बी.ई.सुद्धा! प्रवेशपरीक्षा मात्र द्यावी लागते. या लाइनमध्ये सुरुवात बहुधा असिस्टंट म्हणून होते. फुटेज लावणं, आवाज जुळवणं, बॅकअप घेणं, असली कामं. थोडक्यात, आपल्या लॅबसारखंच, फक्त जर्नल नाही!

मग मी आमची फिल्म परत कापली. नऊ मिनिटांची पाच झाली. कुकर फक्त १२ फ्रेम्स, म्हणजे जेमतेम अर्धा सेकंद. बाकी वेळ नुसती शिटी आणि मैत्रिणीचा घाबरलेला चेहरा. गॅदरिंगला हॉल चक्क शांत होता!

कॅम्पस इंटरव्ह्यूबरोबर ती परीक्षाही द्यायची, असं मी ठरवलंय. बाबांना अजून सांगितलेलं नाही. हा अंक घरी पोचला की कळेलच...