दिल्ली-दरबार आणि चलच्चित्राची साक्ष

राजदरबाराचें वर्णन पूर्वीं बखरकार करी. धन्यास शोभेल तें तो लिही. न शोभे तें लेखणीच्या टोकाशींच राही. चलच्चित्राच्या यंत्रास ही चतुराई कोठून असणार?

आपले लोक या विद्येंत मागें नव्हते, हें आधीं सांगितलें पाहिजे. मुंबईंत ७ जुलै १८९६ रोजीं वॉटसन हॉटेलांत ल्युमिएर बंधूंच्या चित्रांचा खेळ झाला. पुढें हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं विलायतेहून यंत्र मागविलें आणि १९०१ सालीं रँग्लर परांजपे यांचें स्वागत व १९०३ सालीं कर्झनसाहेबांचा दिल्ली-दरबार फितीवर घेतला.

१२ डिसेंबर १९११ चा दरबार मात्र खुद्द पांचव्या जॉर्ज बादशहांचा. राजधानी कलकत्त्याहून दिल्लीस नेण्याची घोषणा त्यांनीं येथेंच केली. चार्ल्स अर्बन यांची मंडळी 'किनेमाकलर' यंत्रें घेऊन आली होती. फीत काळीपांढरीच, पण फिरत्या तांबड्या व हिरव्या कांचांतून आळीपाळीनें चित्रें घ्यावयाचीं आणि तशाच कांचांतून दाखवावयाचीं, म्हणजे डोळ्यास रंगांचा भास होई. अडीच तासांचा हा खेळ लंडनच्या स्काला नाट्यगृहांत २ फेब्रुवारी १९१२ पासून होऊं लागला व गाजला.

परंतु खरी खळबळ उडविली ती साध्या, बिनरंगी वृत्तचित्रानें. निजामांमागून बडोद्याचे सयाजीराव महाराज मुजऱ्यास गेले. वांकून मुजरा करावा व पाठ न दाखवितां मागें सरावें, असा रिवाज. महाराजांनीं त्रोटक मुजरा केला आणि ते पाठ फिरवून निघाले, असा बोभाटा झाला. विलायतेच्या वृत्तपत्रांनीं काहूर माजविलें, आणि ज्यांनीं दिल्ली कधीं पाहिली नव्हती तेही नाट्यगृहांत बसून महाराजांचीं पावलें मोजूं लागले! अखेर महाराजांनीं व्हाइसरॉय हार्डिंग यांस दिलगिरीचें पत्र लिहिलें. त्यांत गोंधळून गेल्याचें कारण दिलें.

तो गोंधळ होता कीं स्वाभिमान? कित्येक देशभक्तांनीं त्यांत बंड पाहिलें, साहेबांनींही तेंच पाहिलें. आमच्या मतें दोघांनींही फितीवर नसलेलें वाचलें. पाऊल कोठें पडलें हें यंत्र सांगतें. मनाचा ठाव त्यास लागत नाहीं.

अर्बन यांच्या रंगीत चित्रांपैकीं बहुतेक सर्व नाहींशीं झालीं; सैन्याच्या संचलनाचा एक तुकडा २००० सालीं रशियांत सांपडला. महाराजांचा तो क्षणभराचा मुजरा मात्र अद्याप पाहावयास मिळतो.