जिवतीच्या कागदावरची जरा

दिव्यांची अवस जवळ आली, की आमची रामवाडीतून पेणच्या बाजारात एक खेप ठरलेली. तेव्हा गावात जिकडेतिकडे गणपतीचे कारखाने, ओळीनं मांडलेल्या मूर्ती, कुठे डोळ्यांची आखणी चाललेली. त्या गडबडीत हरभऱ्याची डाळ, गूळ, वाती आणि जिवतीचा कागद. कागद मिळाला नाही तर सासूबाई मला परत पाठवणार, हे नक्की!

मैत्रिणींनो, तुमच्याही देवघराशेजारी श्रावणभर हा कागद असेल. आघाडा-दुर्वांची माळ, कापसाचं वस्त्र, हळदकुंकू सगळं होतं. पण त्यावर काय काढलंय, ते आपण नीट बघतो का? मी तरी बघत नव्हते. माझा मुलगा लहान असताना त्यानं विचारलं, "आई, ह्या बाईंच्या अंगाखांद्यावर एवढी मुलं कुणाची? आणि वाघावर कोण बसलंय?" मी म्हटलं, "आजीला विचार."

आजीनं सांगितलं. वरती नरसिंह, प्रल्हादासाठी खांबातून आलेला. कालियाच्या फण्यावर कृष्ण, त्यानं गोकुळातल्या पोरांसाठी डोह मोकळा केला. मुलांना खेळवणाऱ्या दोघी जरा-जिवंतिका. हत्तीवर बुध, वाघावर बृहस्पती. शनिवारी नरसिंह, बुधवार-गुरुवारी बुध-बृहस्पती, शुक्रवारी जिवती. प्रत्येक चित्राला वार आणि बहुतेक प्रत्येक वाराला कहाणी. लिहिता-वाचता न येणाऱ्या बायकांची ही पोथीच की!

बुध-बृहस्पतीच्या कहाणीत तर चित्र कसं वापरायचं तेसुद्धा सांगितलंय. पैसा हवा तर पेटीवर दोन बाहुल्या काढाव्यात, धान्य हवं तर कोठीवर, आणि कुणी माणूस घरी यावंसं वाटलं तर दाराच्या मागे. खडूची दोन चित्रं, पण कुठे काढायची त्यावर मागणं बदलतं. माझ्या आजेसासूबाई दारामागे बाहुल्या काढायच्या म्हणे. आजेसासरे मुंबईत गिरणीत होते.

पण मी अडकले ती जरेपाशी. वाचनालयातून महाभारत आणून सभापर्व काढलं. मगधाचा राजा बृहद्रथ, त्याच्या दोन राण्या. मूल नाही. ऋषींनी दिलेला आंबा दोघींनी अर्धा अर्धा खाल्ला, तर दोघींना अर्धं अर्धं मूल झालं. घाबरून ते तुकडे बाहेर टाकून दिले. जरा नावाच्या राक्षसीनं ते उचलून एकत्र धरले, आणि मूल जिवंत होऊन रडायला लागलं! तोच जरासंध, जरेनं सांधलेला. तिला ते पळवता आलं असतं, पण तिनं ते राजाच्या हवाली केलं. पुढे ती म्हणते, मुलाबाळांनी वेढलेलं माझं चित्र जो घराच्या भिंतीवर काढील, त्याच्या घरी भरभराट होईल. म्हणजे आपला पातळ कागद केवढा जुना! आणि त्यावरच्या ह्या बाईनं मूल जन्माला घातलंच नव्हतं.

हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि मला मोठ्या जाऊबाई आठवल्या. त्यांना मूल नाही. माझ्या पोराची तापातली रात्र न् रात्र त्यांनी काढली. पण शुक्रवारी जिवतीची सवाष्ण म्हणून त्यांना कधी सांगितलं नाही. लेकुरवाळीच लागते, असं आमच्याकडे धरून चाललेलं. त्या सकाळी येऊन पुरण वाटून द्यायच्या आणि पानं वाढायच्या वेळी "घरी काम आहे" म्हणून निघायच्या. इतकी वर्षं मीही "बरं" म्हणत आले, हे लिहायला लाज वाटते.

तीन वर्षांपूर्वी मी सासूबाईंना जरेची गोष्ट वाचून दाखवली. म्हटलं, "आई, येत्या शुक्रवारी वहिनींना सांगू या का सवाष्ण?" त्या वाती वळत होत्या. बराच वेळ काही बोलल्याच नाहीत. मग म्हणाल्या, "सांग. पण पुरण तिला वाटायला लावू नकोस. सवाष्णीला कुणी कामाला लावतं का?"

त्या शुक्रवारी पुरण मी वाटलं. (जाडसरच झालं. सासूबाईंनी तसं सांगितलंही.) वहिनी हिरव्या साडीत संकोचून पाटावर बसल्या. सासूबाईंनी स्वतः त्यांना हळदकुंकू लावलं, दूध-साखर दिली, फुटाण्यांनी ओटी भरली.

मग ओवाळणं. शुक्रवारच्या कहाणीतली आई चोरीला गेलेल्या मुलासाठी अक्षता उधळते आणि त्या जिथे मूल असेल तिथे त्याच्या डोक्यावर पडतात. म्हणून मूल परगावी असलं की आपण चारी दिशांना अक्षता टाकतो. माझा मुलगा नोकरीला पुण्याला. मी अक्षता टाकल्या आणि तबक खाली ठेवणार, तेवढ्यात वहिनींनी हात पुढे केला.

"मला पण दे चार दाणे," त्या म्हणाल्या. "पुणं कुठल्या अंगाला गं?"

सासूबाईंनी पूर्वेची खिडकी उघडून दिली.