खेळाचा तास

संक्रांत होऊन पाच दिवस लोटले होते. घरातील स्त्रीवर्ग शेजारचे हळदीकुंकू आटोपून नुकताच परतला होता, तिळगुळाचा डबा अजून ओटीवरच होता. एरवी रविवारी सायंकाळी आमच्या खालापूरच्या घरातील मंडळी चार दिशांना पांगलेली असतात. त्या दिवशी मात्र थोरल्या वहिनींपासून धाकट्या नातीपर्यंत सर्वजण दूरचित्रवाणीसमोर दाटीवाटीने बसले होते. तारीख होती १९ जानेवारी २०२५. दिल्लीच्या इंदिरा गांधी क्रीडागृहात खो-खोच्या पहिल्या विश्वचषकाचे अंतिम सामने व्हावयाचे होते. प्रथम महिलांचा, मागून पुरुषांचा. आणि दोन्ही सामन्यांत भारतापुढे नेपाळचा संघ उभा होता.

दोन खांब, ओंजळभर फक्की आणि धावणारे पाय, एवढ्या भांडवलावर चालणारा हा खेळ. शाळेच्या मागल्या पटांगणाबाहेर त्याचे कौतुक कोणी केलेले आम्ही फारसे ऐकले नव्हते. तो आज दिव्यांच्या लखलखाटात, मातीऐवजी मॅटवर, देशोदेशींच्या निशाणांखाली चाललेला पाहून मन भरून आले, हे कबूल करावयास संकोच वाटत नाही. त्यातून दोन्ही भारतीय संघांचे नेतृत्व महाराष्ट्राकडे! महिलांची कर्णधार प्रियांका इंगळे, पुरुषांचा प्रतीक वाईकर.

ज्यांचा या खेळाशी संबंध शाळेबरोबरच सुटला असेल त्यांच्यासाठी दोन शब्द. खो-खोची सारी गंमत त्याच्या बंधनांत आहे. पळणाऱ्याला मैदानभर मोकळीक. पाठलाग करणाऱ्याला मात्र एकदा दिशा धरली की मागे वळता येत नाही, आणि दोन खांबांमधील पाटी ओलांडता येत नाही. त्याला उपाय एकच. बसलेल्या आपल्या गड्याच्या पाठीमागे जाऊन 'खो' द्यावयाचा आणि स्वतः त्याच्या जागी बसावयाचे. म्हणजे जो सर्वांत वेगाने धावतो त्यालाही ऐन क्षणी आपली धाव दुसऱ्याच्या हाती सोपवावी लागते. इतकी सुंदर शिकवण देणारे पाठ आमच्या क्रमिक पुस्तकांत थोडेच असतील.

विश्वचषकासाठी खेळाला थोडे नवे वळण दिले होते. एक गडी बाद केला की दोन गुण. पळणारे तिघातिघांच्या तुकड्यांनी उतरावयाचे. आणि एखादी तुकडी तीन मिनिटांपर्यंत टिकली की पळणाऱ्यांच्या खाती एक गुण व पुढे दर अर्ध्या मिनिटास आणखी एक. यास 'ड्रीम रन' असे नाव दिले आहे. थोरल्या वहिनींना हे नाव रुचले नाही. "अरे, पळती म्हणावं की सरळ! आम्ही परकर खोचून पळायचो, तेव्हा कोणी स्वप्नं बघत नव्हतं," असे त्या म्हणाल्या, आणि सामना सुरू झाला.

पहिल्या पाळीत आमच्या मुलींनी चौतीस गुण घेतले व नेपाळला शून्यावर ठेवले. मुलांनी टाळ्या पिटल्या. परंतु दुसऱ्या पाळीत नेपाळच्या मुलींनी चोवीस गुण परत केले, आणि मध्यंतरास ३५–२४ असा फलक पाहून घरात शांतता पसरली. अकरा गुणांची आघाडी म्हणजे साडेपाच गडी; खो-खोत ती जायला किती वेळ लागतो? परंतु तिसऱ्या पाळीत प्रियांकेचा संघ असा काही तुटून पडला की फलक ७३–२४ वर गेला. शेवटच्या पाळीत नेपाळला चमत्काराचीच गरज होती, आणि नेमकी तेव्हाच कर्नाटकची चैत्रा आणि तिच्या सोबतिणी पाच मिनिटांहून अधिक काळ हाती लागल्या नाहीत. ती हुलकावणी, तो खांबाजवळचा अचानक वळसा, हातभर अंतरावरून निसटणे! ज्या आमच्या तालुक्यातील उंबरखिंडीत शिवाजी महाराजांनी १६६१ साली कारतलबखानाची मोठी फौज थोड्या मावळ्यांनिशी कोंडून धरली, तेथील मनुष्यास चपळाईचे मोल निराळे सांगावयास नको. सामना ७८–४० असा संपला. वहिनी डोळे पुसत होत्या, आणि तिळगुळाचा डबा पुन्हा फिरत होता.

पुरुषांचा सामनाही त्याच चालीने गेला. पहिल्या पाळीत २६–०, दुसरीअखेर २६–१८, तिसरीअखेर ५४–१८ आणि शेवटी ५४–३६. दोन्ही चषक भारताचे झाले.

आनंद झाला तो खरा. तरी मास्तरकीची खोड अशी की, उत्तरपत्रिका पूर्ण तपासल्याखेरीज हातची लेखणी खाली ठेववत नाही. तेवीस देशांतून वीस पुरुषांचे व एकोणीस महिलांचे संघ दिल्लीस आले, ही गोष्ट लहान नव्हे. परंतु त्याच आठवड्यात आमच्या मुलींनी दक्षिण कोरियाच्या मुलींचा १७५–१८ असा पराभव केला होता. असल्या विजयात शौर्य किती आणि समोरच्याचे नवखेपण किती? ज्यांनी खेळ नुकताच हाती घेतला आहे त्यांच्यावरील हा जय आपल्या पुढच्या पिढीला खेळत ठेवील, असे मात्र नव्हे. एखादा खेळ जिवंत आहे की नाही हे अंतिम सामन्यावरून कळत नाही. ते कळते सोमवारी सायंकाळी गावच्या पटांगणावर.

ज्यांनी या खेळास आजचे रूप दिले त्यांना हे पक्के ठाऊक होते. पुण्याच्या डेक्कन जिमखान्यात १९१४ साली खो-खोचे नियम प्रथम व्यवस्थित बांधले गेले. पुढे अखिल महाराष्ट्र शारीरिक शिक्षण मंडळाने ते अधिक घोटले. आणि १९३६ साली अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचा चमू थेट बर्लिनच्या ऑलिंपिकप्रसंगी आपले देशी खेळ दाखवून आला. पुरुषांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९५९–६० मध्ये विजयवाड्यास व महिलांची त्यापुढील वर्षी कोल्हापुरास झाली. आरंभीच्या या उद्योगामागे चषकाची हाव नव्हती. परक्या राज्यात आपली मुले आपल्या मातीत आपले खेळ खेळोत, एवढीच आकांक्षा होती.

त्या पिढीला दूरचा एक देश फार जवळचा वाटे, तो आयर्लंड. इंग्रजी सत्तेशी झगडणाऱ्या त्या देशाच्या कथा आमच्या वडीलधाऱ्यांनी आवडीने वाचल्या. परंतु त्या झगड्याचे एक अंग खेळाचे होते, हे आम्हास पुष्कळ उशिरा समजले. १ नोव्हेंबर १८८४ रोजी थर्ल्स नावाच्या गावी एका खाणावळीत मूठभर माणसे जमली आणि आयरिश खेळांची संघटना स्थापन झाली. त्यांतील प्रमुख मायकेल क्युसॅक हा पेशाने शिक्षक! परक्यांच्या खेळांपुढे मागे पडत चाललेला 'हर्लिंग' हा प्राचीन खेळ या मंडळींनी पुन्हा उभा केला. अॅश नावाच्या झाडाच्या लाकडाचा, टोकाशी चपटा असा दांडू. मुठीत मावेल असा चामडी चेंडू. प्रत्येक बाजूस पंधरा गडी. आपल्या विटीदांडूचा थोरला, रागीट भाऊ शोभावा असा हा खेळ आहे.

त्याच २०२५ सालच्या २० जुलैस डब्लिन येथील क्रोक पार्कवर झालेला त्याचा अंतिम सामना आमच्या नातवाने आम्हास मोबाइलवर दाखविला. टिपरेरी व कॉर्क असे दोन परगणे. जाळ्यात चेंडू गेला तर तीन गुण, आडव्या दांडीवरून गेला तर एक. मध्यंतरास कॉर्क सहा गुणांनी पुढे. आणि उत्तरार्धात? कॉर्कला केवळ दोन गुण मिळाले. टिपरेरीने तीन गोल व चौदा गुण करून सामना छत्तीस विरुद्ध एकवीस असा जिंकला.

परंतु आम्ही थक्क झालो ते दुसऱ्याच गोष्टीने. ब्याऐंशी हजारांहून अधिक माणसे मावतील अशा त्या मैदानावर उतरलेल्या खेळाडूंपैकी एकालाही खेळण्याबद्दल पगार नाही. पोटासाठी कोणी शिकवितो, कोणी शेती पाहतो, कोणी कचेरीत जातो. आणि सायंकाळी आपल्या गावच्या मंडळाच्या मैदानावर येतो. लहानपणी ज्या गावच्या मंडळात दांडू हाती घेतला, बहुधा त्याच मंडळाचा तो जन्मभर गडी असतो. देशातील सर्वांत मोठा सामना अशा गावागावांतल्या पटांगणांच्या खांद्यावर उभा आहे. युनेस्कोने २०१८ साली हर्लिंगला मानवजातीच्या सांस्कृतिक वारशात गणले, ते या चिवटपणाचाच गौरव समजावा.

कोणी म्हणेल, आयर्लंडात अनुकूलता आहे, येथे मैदाने कोठे आहेत? खालापूर–कर्जतकडील मनुष्याने तरी असे म्हणू नये. पाताळगंगेच्या काठी भात कापल्यावर जी खाचरे उघडी पडतात, त्यांवर मार्गशीर्षापासून पावसाळ्यापर्यंत कितीतरी डाव खेळता येतील. आमच्याकडे तुटवडा मैदानांचा नसून तासांचा आहे. आणि ते तास कोणी पळविले हे आम्ही सांगू शकतो, कारण पळविणाऱ्यांत आम्ही स्वतः होतो.

शाळेच्या वेळापत्रकात आठवड्यातून दोन तास खेळाचे असत. परीक्षा जवळ आली की आम्ही ते मागून घेत असू. पुढे मागण्याचीही गरज उरली नाही. कुमारसंभवातील शरीराची महती सांगणारा तो सुप्रसिद्ध चरण आम्ही अन्वयासह वर्षानुवर्षे शिकविला. आणि आज हसूही येते व लाजही वाटते की, तोसुद्धा बहुतेक वेळा खेळाच्या तासाला!

आमच्या वर्गात एक मुलगी होती. डोंगरावरील वाडीतून रोज उतरून शाळेस येई. तिच्यासारखी पळती पुढे आमच्या पाहण्यात आली नाही. पाठलाग करणारा हात लांबवी आणि ती तेथे नसे. तालुक्याच्या सामन्यांतून तिची जिल्ह्यासाठी निवड झाली, तेव्हा ती दहावीत होती. शाळेचा निकाल शंभर टक्के लागावा, ही त्या वेळी आमची एकमेव साधना. आम्ही तिच्या वडिलांना बोलावून सांगितले की, हे वर्ष खेळण्याचे नाही. त्यांनी हात जोडले. "गुरुजी, तुम्ही म्हणाल तसं." मुलगी काही बोलली नाही, जिल्ह्यासही गेली नाही. परीक्षेत उत्तीर्ण झाली, आणि आता विचार करता वाटते, ती खेळली असती तरी तेवढे गुण तिला मिळालेच असते.

पुष्कळ वर्षांनी ती खोपोलीच्या एस. टी. स्थानकावर भेटली. कडेवर मूल होते. वाकून नमस्कार केला, घरची चौकशी केली, आणि गाडी लागता लागता तिने विचारले, "गुरुजी, शाळेत खो-खो अजून घेता ना?"

आम्ही "हो" म्हणालो. ते खरे नव्हते.

त्या रविवारी दिल्लीस प्रियांका इंगळेने चषक उंचावला तेव्हा सारे घर उभे राहून टाळ्या वाजवीत होते. आमच्या डोळ्यांपुढे मात्र स्थानकावरचा तो प्रश्न उभा राहिला. इतक्यात नववीतल्या नातीने विचारले, "आजोबा, पुढच्या वर्षी दहावी. मग माझा खो-खो बंद, ना?" सूनबाईंनी आमच्याकडे पाहिले. शिकवणी लावण्याचे घरात ठरत आले होते, आणि सूनबाईंची काळजी अनाठायी होती असे आम्ही म्हणणार नाही; मुलीच्या भवितव्याची चिंता आईने करू नये तर कोणी करावी? तरी त्या रात्री जेवणे झाल्यावर आम्ही वाडीवरच्या मुलीची हकीकत घरात प्रथमच सांगितली. कोणी काही बोलले नाही. शेवटी थोरल्या वहिनीच म्हणाल्या, "भाऊजी, अभ्यास तुम्ही घ्या, म्हणजे झालं."

तेव्हापासून तसेच चालले आहे. नात आता दहावीत आहे. तिचा संस्कृतचा पाठ आम्ही पहाटे घेतो, गणित तिचा काका रात्री पाहतो. संध्याकाळचे दोन तास तिचे स्वतःचे. परीक्षेत काय होईल ते होवो. सायंकाळी ती गुडघे मातीने भरून घरी येते, आणि त्या मातीबद्दल अद्याप तिला कोणी रागावलेले नाही.

असो. वाचकांपैकी ज्यांच्या घरी शाळेत जाणारी मुले-मुली असतील त्यांना एकच विनंती. आज सायंकाळी त्यांचे वेळापत्रक मागून पाहावे, आणि त्यातील खेळाचा तास खरोखर खेळात जातो काय, हे त्यांनाच विचारावे. पुढला विश्वचषक कोण जिंकणार, याचे उत्तर पुष्कळसे तेथेच मिळेल.