व्यवसायाचा रकाना

गणपती जवळ आले की मालवणची बाजारपेठ मुंबईच्या चाकरमान्यांनी फुलून जाते. त्या गर्दीत मला हटकून एक गृहस्थ आठवतात.

१९८४ सालची गोष्ट. बँकेत अधिकारी म्हणून मी मालवणात नुकताच रुजू झालो होतो. म्हशीसाठी कर्ज मागायला पन्नाशीचे एक काका आले. अर्ज मीच भरून देत होतो. ‘व्यवसाय’ या रकान्यापाशी आलो, तसे ते म्हणाले, ‘‘लिवा, साचेवालो.’’ साचा म्हणजे माग. परळच्या एका गिरणीत त्यांनी वीस वर्षे माग चालवले होते.

‘‘पण काका, सध्या काय करता?’’ असे विचारून मी उत्तराची वाटही न पाहता ‘बेकार’ लिहून टाकले. त्यांनी ते वाचले. ‘‘बेकार कसो, सायबानू? संप अजून चालू आसा.’’

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली मुंबईचे सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. पगारवाढ, बोनस आणि बदली कामगारांना कायम करणे या त्यांच्या मागण्या होत्या. पुढे काही गिरण्या सुरू झाल्या, हजारोंच्या नोकऱ्या गेल्या. पण संप मागे घेतल्याची रीतसर घोषणा कधी झालीच नाही. काकांचे म्हणणे कागदोपत्री बरोबरच होते!

कोकणातली मनीऑर्डर आटली, हे आपण सारेच सांगतो. काकांचे दुःख आणखी निराळे होते. ‘‘पयल्या पाळयेक अजून जाग येता. उठान करूचा काय?’’ असे ते म्हणाले. गिरणीत साचा मालकाचा, कापडही मालकाचे. त्यांचे स्वतःचे होते ते फक्त साचेवाला हे नाव. तेच मी खोडत होतो.

अखेर नियमात बसावे म्हणून आम्ही ‘शेतमजूर’ लिहिले. काकांनी निमूटपणे सही केली. कर्ज मंजूर झाले.

परळ-लालबागच्या कितीतरी गिरण्यांच्या जागी आज टॉवर आणि मॉल उभे आहेत. २०१२ मध्ये म्हाडाने गिरणी कामगारांच्या घरांची पहिली मोठी सोडत काढली, तेव्हा आपल्या माणसाने गिरणीत काम केल्याचा पुरावा शोधत घरोघरी जुन्या ट्रंका उघडल्या गेल्या. काकांच्या घरी काय सापडले असेल, कोण जाणे. माझ्या हातच्या कागदावर मात्र ते शेतमजूरच राहिले.